शॉनची खोडी

अरे, लोकांच्या खोड्या काढण्यात आयुष्य गेलं माझं, पण त्या रविवारी हरलोच बघ. मिस्साची प्रार्थना झाल्यावर चर्चच्या हॉलमध्ये शॉन म्हातारा त्याच्या आयरिश लेखकांबद्दल बोलतो. मी चौथी पास, केकसाठी बसतो.

शॉन म्हणाला, "इंग्रजांनी आमची भाषा घालवली, म्हणून आमच्या लेखकांनी त्यांच्याच भाषेत आपला देश लिहिला."

मी म्हटलं, "म्हणजे शिव्या इंग्रजांना आणि त्याही इंग्रजीत! भाषा काय छत्री आहे हरवायला? आमची बघ, वसईहून सातासमुद्रापार या ट्रुगानिनाला आणली तरी शाबूत."

पुरावा म्हणून नातीला हाक मारली. "जेनी, शॉन आजोबांना आपली मराठीतली प्रार्थना म्हणून दाखव गं."

जेनीने फोनमधून मान वर केली. "ग्रँडपा, आय डोन्ट नो इट. कॅन वी गो होम?"

रोज संध्याकाळी घरी रोझरीच्या मराठी प्रार्थनेला माझ्या शेजारी बसून पोरगी नुसते ओठ हलवत होती, हे मला तेव्हा कळलं.

वाटलं, शॉन आता हसणार. मी असतो तर हसलो असतो. पण त्याने माझ्यापुढे चहा सरकवला आणि म्हणाला, "लिहायला लाग, मित्रा. आमच्या लेखकांची सुरुवातही अशी भाषा हरवल्यावरच झाली."