शेकलेला ड्रम

चर्रर्र! तो आवाज ऐकून लय वर्षं झाली, पण आठवला की अजून माझी मान खाली जाते.

आमच्या शेजारचे दिलीपराव मुंबईच्या रॉक बँडमध्ये तीस वर्षं ड्रम वाजवून मलकापूरला परतले होते. पोरगा पलटणीत न जाता वाजवायला पळाला, म्हणून आईनं त्यांचं वाजवणं कधी ऐकलं नव्हतं. एका थंडीतल्या सकाळी काय वाटलं कोण जाणे, म्हातारी म्हणाली, "वाजीव. एकदाच ऐकते."

दिलीपराव घाईनं शर्ट बदलायला आत गेले. मी जन्मभर हलगी वाजवलेली. हलगी आधी जाळावर शेकायची, मग कातडं ताणतं आणि आवाज उघडतो. म्हटलं, तेवढी मदत करावी. त्यांचा छोटा ड्रम उचलून अंगणातल्या चुलीवर धरला. त्याचं कातडं प्लास्टिकचं, हे मला काय ठाऊक! चर्रर्र झालं आणि मधोमध भोक पडलं.

"आण्णा, काय केलंसा हे?" दिलीपराव बाहेर येऊन मला म्हणाले.

"शेकला."

"आवं, ह्यो शेकत न्हाईत!"

"मग ह्याचा आवाज उघडतो कशानं?"

"किल्लीनं! कडेचे स्क्रू आवळायचे!"

"ड्रमला किल्ली?" मला खरंच नवल वाटलं.

म्हातारी कट्ट्यावरून उठायला लागली. तसे दिलीपराव माझी हलगी खांद्याला अडकवून तिच्यासमोर बसले. हातांनी हलगी वाजत होती आणि खाली बँडमधले पायानं वाजवायचे ड्रम नसताना दोन्ही पाय जमिनीवर ताल धरत होते. म्हातारी त्या पायांकडंच बघत राहिली.

वाजवणं थांबलं. तिनं तांब्या आणला, लांबून घरी आलेल्याच्या पायांवर ओततात तसं त्यांच्या पायांवर पाणी ओतलं आणि आत गेली.