गाडीच्या खेळातली झाडं

बनशंकरीच्या कॉम्प्युटर दुकानात मी थांबले होते. पुढं चंद्राबाई बसलेली, दुकानदार दयानंद तिच्या घरचा कॉम्प्युटर बघत होता. कान झाकून बसायची मला सवय नाही.

“बाकीचे खेळ आहेत तसे ठेव. गाडीच्या खेळात तेवढी झाडं, सावल्या परत चालू कर.”

“अक्का, यात वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही. गाडी पळावी म्हणून नंदूनंच ती बंद केली होती.”

“पळवून काय मिळवलं माझ्या लेकानं? सर्जापूर रोडवर मोटरसायकलही अशीच पळवली, आणि गेला.”

“स्वल्प झाडं ठेवू? सगळी लावली तर खेळायला मजा नाही येणार.”

“मजेला कोण खेळतंय रे? आता मीच चालवते ती गाडी.”

“सरी, अक्का, तुम्ही म्हणता तशी सगळी लावली. हे बघा, कशी रखडत चाललीय.”

“रखडू दे. घरी तरी पोचेल.”