लायल हॅस्केटची सोंगं

– नाही पोरी, तो शब्द माझ्यासमोर नको. ‘अष्टपैलू’ म्हणे. सकाळपासून ऐकून ऐकून कान किटले माझे. दफनाच्या प्रार्थनेत पाद्री म्हणाला, मग तो टकलू दिग्दर्शक म्हणाला, आता तुझा पेपर छापणार. बस, बस इथं, खुर्चीवरचा कोट ठेव बाजूला. हो, मी व्हर्ना, त्याची सख्खी धाकटी बहीण – तोंडावळ्यावरून ओळखलंस? ओळखणार कशी, त्याला तोंडावळा होता कुठं? लायल हॅस्केट सिनेमात शेरीफ झाला, बिशप झाला, दारुडा झाला, रशियन हेर झाला – आणि मेला कशातही मध्यंतरापलीकडे टिकला नाही. एकतर हीरोच्या गोळीनं मरायचा, नाहीतर हीरोला घोडा आणून द्यायचा. लोक रस्त्यात थांबवून विचारायचे, तुम्हाला कुठंतरी पाहिलंय हो, आमच्या बँकेत असता का? दुसऱ्या एखाद्याला शरम वाटली असती. हा ‘हो’ म्हणायचा, आणि बँकेतल्या माणसासारखा घसा खाकरून त्यांच्या बायकामुलांची चौकशी करायचा.

आणि अभिनय कसला गं त्यात? नकला त्या. ओहायोत आमचे बाबा ट्राम चालवायचे, छातीत कायमचा खोकला – आधी दोन बारके, मग एक खोलातला, मग ‘हे देवा’. हा नऊ-दहा वर्षांचा असेल, मागच्या अंगणातून तसाच्या तसा खोकायचा आणि आई औषधाची बाटली घेऊन धावायची. बाबा हसायचे. मी नाही हसले कधी. त्या बिशपला तोच खोकला दिलाय त्यानं, बघ नीट. पेपरात आलं होतं, काय सूक्ष्म निरीक्षण. निरीक्षण! माझ्या बापाची फुप्फुसं होती ती.

पण तुला खाणीच्या सिनेमाबद्दल विचारायचंय ना? सगळ्यांना त्याचंच पडलंय. म्हाताऱ्या खाणकामगाराचा मुलगा आत गाडला जातो, इस्पितळाच्या व्हरांड्यात डॉक्टर येऊन सांगतो की गेला, आणि म्हातारा म्हणतो – ‘डॉक्टर, तुम्ही जेवलात का?’ आज इथं कितीजणांनी म्हणून दाखवलं ते वाक्य, एकानं तर तोंडात हॅमचा घास असताना. कुणी लिहिलं ते, ठाऊक आहे? लेखकानं नाही लिहिलं. लायलनंही नाही. माझं वाक्य आहे ते.

माझी मुलगी होती. जोनी. सोळा वर्षांची. मेंदूज्वर झाला, सोमवारी डोकं दुखतंय म्हणाली आणि गुरुवारी – असो. माझा नवरा, गस, गाडी लावायला खाली गेला होता. लायल चित्रीकरणावरून तसाच आला होता, पोलिसाच्या गणवेशात, येणारे-जाणारे त्याला वाट विचारत होते. माझा हात धरून बसला. म्हटलं, कसा का असेना, भाऊ आहे. मग डॉक्टर आला. कोवळा पोरगा, तोंड पांढरंफटक. त्यानं सांगितलं, आणि मी विचारलं – डॉक्टर, तुम्ही जेवलात का? का विचारलं? मला काय माहीत का विचारलं. उपाशी दिसत होता तो. जोनीचा हिरवा स्वेटर होता माझ्या मांडीवर, त्याची बटणं लावत बसले, खालून वर. सगळ्यात वरचं तुटलेलं होतं, मग नुसतं काजात बोट घालून बसले. रडले नाही. गस आला, भिंतीकडे तोंड करून उभा राहिला, तोही नाही रडला. आणि लायल – तोवर त्यानं माझा हात सोडला होता, दोन पावलं मागे सरकला होता. मला वाटलं, मला जरा एकटीला सोडतोय. अगं, नीट दिसावं म्हणून सरकला होता तो.

सिनेमा आला तेव्हा शेजारणीबरोबर गेले बघायला. मला कुणी काही सांगितलेलं नव्हतं. पडद्यावर सगळं – ते वाक्य, बटणं खालून वर, काजातलं बोट. स्वेटरसुद्धा हिरवा. आख्खं थिएटर हुंदके देतंय, आणि शेजारीण माझ्या हातात रुमाल कोंबून म्हणते, किती खरं वाटतं ना, व्हर्ना? मग त्याला ते मोठं बक्षीस मिळालं. मंचावर जाऊन दिग्दर्शकाचे आभार मानले, रंगभूषावाल्याचे मानले, घरच्या कुत्र्याचेसुद्धा मानले.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच्या घरी गेले. हा स्वयंपाकघरात फुग्याला साबण लावून त्यावर वस्तरा फिरवत होता – न्हाव्याचं काम मिळालं होतं, त्याची तालीम. मी तोंडाला येईल ते बोलले. चोर म्हटलं, गिधाड म्हटलं. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, “व्हर्ना, त्या दिवशी तिच्यासाठी कुणीच रडलं नाही. निदान आता रडतायत.” बघ उत्तर! मी मारायला हात उगारला – आणि माणूस हाताकडे बघेल की नाही? हा माझ्या हनुवटीकडे बघत होता. हनुवटी थरथरत होती माझी, आणि मेला ती पाठ करत होता. पर्स उचलली आणि निघाले. त्यानंतर वीसेक वर्षं तोंड बघितलं नाही त्याचं. नाताळाची कार्डं यायची, न उघडता केराच्या डब्यात.

गसनं मरेपर्यंत जोनीचं नाव घेतलं नाही. तिचे कपडे चर्चला देऊन टाकले, फोटो उतरवले, एक मी लपवून ठेवला तेवढाच. पण फोटो काय, एकाच बाजूला बघत बसतो. मग कळलं, लायल शुश्रूषागृहात आहे, घशाचा कॅन्सर, आवाज गेला. गेले मी. दया आली म्हणून नाही हं – आता हा कुणाचं सोंग घेतो, ते बघायला गेले, खोटं कशाला बोलू. तर खाटेवर कुणीच नव्हतं. म्हणजे तो होता, पण मिशी नाही, टोप नाही, आवाज नाही, पुसलेल्या पाटीसारखं तोंड. मनात म्हटलं, बरं झालं, फिटलं. उठलेसुद्धा. आणि तोंडातून निघून गेलं – “लायल, तुला जोनी येते का रे?”

त्यानं डोळे मिटले. इतका वेळ की मला वाटलं झोपला. मग मान जराशी डावीकडे कलली. खालचा ओठ पुढे काढून त्यानं वर फुंकर मारली, कपाळावरची बट उडवतात ना, तशी – एक केस नव्हता गं त्याच्या डोक्यावर – आणि डोळे उघडून माझ्याकडे बघितलं, वैतागून, पुरे ना आई, असं. आवाज नव्हता. लागलाही नाही.

मग रोज जायला लागले. दोन बस बदलून. नर्सा म्हणायच्या, बहीण असावी तर अशी, काय माया आहे भावावर. तो दमलेला असायचा, शेवटी शेवटी तर श्वाससुद्धा मोजून घ्यायचा, डोळ्यांनी विनवायचा की आज नको. मी म्हणायचे, एकदाच. फक्त एकदा, लायल. शेवटच्या दिवशीसुद्धा मी – मी त्याला भेटायला जात नव्हते, पोरी.

काय बघतेस? अशी टक लावून बघायचं नाही माझ्याकडे. ऊठ. तिकडे त्याचे कौतुकवाले पुष्कळ आहेत, त्यांना विचार जा. जा म्हटलं ना.