इरेनाबाईंना न सापडलेली रोझालिया

आजच्या समारंभाचे अध्यक्ष माननीय ग्वोझ्देकसाहेब, आपले फादर लुद्विक, वाचनालयाच्या विश्वस्त मंडळींनो, ज्यांच्या सत्कारासाठी आज अख्खं नान्टिकोक गाव या हॉलमध्ये लोटलंय त्या इरेनाबाई वोयतासिक, आणि समोर बसलेल्या माझ्या बंधुभगिनींनो! स्वयंपाकघरातून कांदा परतल्याचा वास येऊ लागलाय. पिएरोगी गार झाले तर त्या आतल्या बायका मला जिवंत सोडणार नाहीत, म्हणून फार लांबवत नाही.

अध्यक्षांनी मघाशी फार सुंदर शब्दांत सांगितलं की, वाचनालयाच्या मागच्या खोलीत बावीस वर्षं बसून बाईंनी आपल्या तीनशे सोळा घरांची मुळं शोधून दिली. पोलंडातल्या चर्चच्या जुन्या वह्यांतली झारच्या काळातली ती रशियन अक्षरं, त्या वह्यांच्या फिल्मचा तो अंधुक पडदा! त्यातच बाईंचे डोळे गेले, आणि म्हणून आज आपण त्यांना निरोप देतोय. अध्यक्षमहाशय पुढे मानपत्र वाचताना असंही म्हणाले, की बाईंना अपयश आलं ते एकदाच, कुर्जेलांच्या रोझालियापुढे. मंडळी, तो कुर्जेल मीच. झिगमुंट कुर्जेल. आणि रोझालिया माझी मावशी.

माझ्या आईला, अपोलोनियाला, तुम्ही सगळे ओळखत होता. १९१३ साली ती पाच वर्षांची होती आणि रोझालिया सात. आजोबा पोलंडातून इथे अमेरिकेत येऊन खाणीत लागले होते, त्यांनी बायकोमुलींना बोलावून घेतलं. ब्रेमेनच्या बंदरात डॉक्टरने पापण्या उलटून पाहिल्या आणि रोझालियाला बोट नाकारली. डोळे आलेले. आजीने काय करावं? तिकडे नवरा वाट बघतोय, इकडे पोर रडतेय. गावाकडे परत निघालेल्या एका बाईच्या हाती तिने रोझालियाला सोपवलं. पुढच्या वर्षी आणू म्हणाली. पुढच्या वर्षी युद्ध पेटलं.

पण खरं दुखणं पुढेच आहे. डोळे आधी आईचे आले होते. दोघी एकाच उशीवर झोपायच्या. आईचे बरे झाले आणि रोझालियाला लागण झाली. आई सांगायची, "झिगा, ती माझ्यावर रुसून बसलीय. म्हणून तर पत्र नाही."

आईला गावाचं नाव तेवढं ठाऊक होतं, वोला. आता पोलंडात वोला किती आहेत ते इथल्या कुणाला सांगायला हवं का? आईने सतरा वर्षं भलत्याच वोलाच्या पाद्रीबाबांना पत्रं घातली. शेवटी त्या भल्या माणसाने कळवलं, "बाई, तुमचं घराणं इथलं नाही. पण आता तुमच्या पत्रांची सवय झालीय, तेव्हा लिहीत जा."

मग आई इरेनाबाईंकडे गेली. बाईंची एक रीत तुम्हाला माहीत आहे. माणूस सापडत नसला, की त्या घरातल्या बाळाच्या बाप्तिस्म्याला धर्मपिता कोण होता ते बघायचं, कारण परक्या देशात धर्मपिता आपल्या गावचाच धरतात. इथे जन्मलेल्या माझ्या मामाचा धर्मपिता त्यांनी आपल्या चर्चच्या वहीत शोधला, त्याच्यावरून खरा वोला शोधला, आणि गेल्या वर्षी मार्चमध्ये त्यांना रोझालिया सापडली.

होय मंडळी. सापडली होती.

मेलेल्यांच्या वहीत. १९१४च्या फेब्रुवारीत, तापाने गेलेली. दोन शेतकऱ्यांनी पाद्रीबाबांसमोर येऊन नोंद केली होती : काल सकाळी रोझालिया वारली, वय वर्षे सात, आईवडील सध्या अमेरिकेत. आजोबांना तेव्हा पत्र आलं असेल का? आलं असेल आणि त्यांनी माझ्यासारखंच केलं असेल का? मला माहीत नाही.

मी काय केलं ते सांगतो. आई तेव्हा पडून कंबर मोडून घेऊन अंथरुणावर होती. बाई कागद घेऊन आमच्या दारात आल्या. मी त्यांना पायरीवरच अडवलं. म्हटलं, "आत्ता नको. निदान ईस्टर होऊ दे." ईस्टर झाला. म्हटलं, "उन्हाळा जाऊ दे." बाई दर मंगळवारी खसखशीची पोळी घेऊन आईला भेटायला यायच्या. आई विचारायची, "सापडली का गं पोरी?" बाई माझ्याकडे बघायच्या आणि म्हणायच्या, "शोधतेय, आजी." आई त्यांचा हात थोपटायची, म्हणायची, "नाही जमलं तर तसं सांग हो, मी नाही रागावणार." आणि येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायची, "इरेना हुशार आहे, पण आमच्या रोझालियापुढे तिने हात टेकले." तिथूनच ते गावभर झालं. बाईंनी एका शब्दाने कुणाला खोडून काढलं नाही. मीही नाही. कसला मुलगा मी, आणि कसला शेजारी?

आई ऑक्टोबरात गेली. आदल्या दिवशी म्हणाली, "नोव्हेंबरात चर्चमध्ये मेलेल्यांची नावं वाचतात ना, त्या यादीत रोझालियाचं नाव घालू नकोस हं. जिवंत माणसाचं घालत नाहीत." मी "हो" म्हटलं.

पुरून परतताना दफनभूमीच्या फाटकाशी इरेनाबाई मला एवढंच म्हणाल्या, "बहिणीसाठी रडून घ्यायचा तिचा हक्क होता, झिगमुंट. तो आपण दोघांनी बुडवला." आपण दोघांनी म्हणाल्या! त्यानंतर वर्षभर आम्ही एकमेकांशी बोललो नाही.

गेल्या नोव्हेंबरात त्या यादीसाठी फादरना द्यायच्या चिठ्ठीवर मी एकट्या आईचं नाव लिहिलं. रोझालियाचं लिहिलं असतं तर लोकांनी विचारलं असतं, तुला कसं कळलं? मला तोंड नव्हतं. चौऱ्याऐंशी वर्षं झाली, त्या सात वर्षांच्या पोरीसाठी कुणी एक प्रार्थना म्हटलेली नाही.

फादर, ही या वर्षीची चिठ्ठी. आज सगळ्यांदेखत देतो. दोघी बहिणींची नावं आहेत, मोठीचं आधी. जरा मोठ्याने वाचा. आणि अध्यक्षमहाशय, मानपत्रात तेवढी दुरुस्ती करून घ्या : बाईंना अपयश आलेलं नाही, एकदाही नाही.

मला इथे उभं राहू दिलंत, ऐकून घेतलंत, त्याबद्दल आपणा सर्वांचा मी ऋणी आहे. बोलण्यात काही अधिकउणं झालं असेल तर ते तुम्ही मोठ्या मनाने पोटात घालाल. पण जे माझ्या पायरीवर घडलं, त्याची माफी देणं एकट्या इरेनाबाईंच्या हाती आहे, आणि जिची आधी मागायला हवी होती ती ऐकायला उरलेली नाही. बाई, तुम्हाला आता दिसत नाही म्हणून सांगतो : मी टोपी काढून तुमच्यासमोर उभा आहे.