साईकुमारच्या मुंजीतला ब्लाउज

कुंभकोणमच्या टेलरकडं माझ्यापुढं दोघी नणंद-भावजया उभ्या होत्या. टेलरशी तमिळ आणि आपसांत जुन्या वळणाची मराठी, तीही मोठ्यानं, कारण इथं ती कोणाला कळणार?

"अलमेलू वैनी, मापाला हा ब्लाउज आणलास? हा तर तुझ्या साईकुमारच्या मुंजीतला!"

"मग काय झालं?"

"साईकुमारला आता दाढी आली."

"अय्यो, हळू बोल!"

"कोणाला कळतंय? अंगातलाही त्याच मापाचा ना? हात वर कर बघू."

"नाही होत. टरकन फाटेल."

"आणि शुक्रवारी देवळात कोलाट्टम आहे. टिपऱ्या काय गुडघ्यावर वाजवशील?"

"मी मागं उभी राहून टाळ्या वाजवीन."

"रोज सकाळी कावेरीपर्यंत चालत्येस, देवळाच्या पायऱ्या माझ्याआधी चढत्येस. अंग बेश आहे गं तुझं, ब्लाउज लहान आहे. टेपनं माप दे."

"त्या मिशीवाल्याला आकडा कळेल!"

"कळू दे. त्याची मिशी तरी कुठं मापात आहे?"

"हसवू नकोस, अंगातल्याचा हूक तुटेल... अय्यो, तुटलाच!"

"बरं झालं. आता दे माप. आणि पोट आत ओढू नकोस."

"कुठं ओढलंय?"

"मग बोलताना आवाज का असा येतोय?"

"अक्का, श्वास सोडा," टेप उलगडत टेलर मराठीतच म्हणाला. "तीन वर्षं तुमच्या प्रत्येक ब्लाउजात दोन्ही बाजूंना इंचभर कापड दुमडून ठेवतोय. तुम्ही कधी सैल करून मागताय त्याची वाट बघत होतो. मिशी मात्र आहे तेवढीच राहील."