शिल्पकारांचे डोळे भरून येतात, तिथे

—नाही, आभार वगैरे राहू द्या; आभार मानायला इथवर येणाऱ्यांना पुढे काहीतरी हवं असतं, असा माझा अनुभव आहे. बसा. त्या खुर्चीवर नको, ती दिग्दर्शकांची— म्हणजे ते येऊन झोपतात ती. तर तुम्ही शिल्पकारांच्या कन्या. काल त्यांच्यावरचा माहितीपट पाहिलात आणि रडलात. कुठे ते सांगू नका, मला ठाऊक आहे— दिवंगत पत्नीबद्दल विचारल्यावर ते गप्प होतात आणि डोळे भरून येतात, तिथे. सगळे तिथेच रडतात. एक समीक्षक तर मला म्हणाले, काय ते मौन! हसू आवरेना. अहो, ती जागा मी बांधली आहे!

बांधली म्हणजे? म्हणजे संकलन केलं, बाई. तुम्हाला काय वाटलं, कलावंत मुळातच इतके गहन असतात? चित्रकार घ्या, गवई घ्या, तुमचे वडील घ्या— कॅमेरा दिसला की अखंड बोलतात, आणि बोलतात ते फक्त स्वतःबद्दल. त्यांना गप्प मी करते. वाक्य कापायचं, पुढे शांतता जोडायची, की झाला माणूस तत्त्वज्ञ. शांतता कुठून आणते? मुलाखतीआधी दिवे लावत असतात ना, तेव्हाही कॅमेरा चालू ठेवायला सांगून ठेवते मी. त्या दिवशी दिवा थेट त्यांच्या डोळ्यांवर आला, पाणी आलं, ते आपले चहाची वाट बघत बसलेले, आणि—

काय झालं? पाणी देऊ?

हे पाहा, एका शॉटवरून कोणी वडिलांशी धरलेला इतक्या वर्षांचा अबोला सोडतं का? आज त्यांना कायमचं आपल्या घरी घेऊन जाणार होतात— हे आल्या आल्या सांगायचं होतंत. मी काय ज्योतिषी आहे? आणि फसवणूक म्हणू नका. प्रश्न खरा, चेहरा खरा, पाणीसुद्धा खरं. फक्त— क्रम माझा.

खरं उत्तर? होतं ना. क्षणाचाही विचार न करता दिलं होतं. "ती? ती घर बघायची. पुढचा प्रश्न." एवढंच. बाकीचं महत्त्वाचं नाही. बाकीचं म्हणजे— काही नाही. नाही, ऐकवणार नाही. तो हेडफोन खाली ठेवा. आईबद्दल होतं ते सांगितलं मी. तुमच्याबद्दल ते जे बोलले ते—

ठेवा म्हणते ना! मला काम आहे. जाताना दार ओढून घ्या.