शिरवण्याचा दुसरा वामन

—बस, बस. आणि हळू बोल, बाहेर ऐकू जातं. काय म्हणालास, परत म्हण — सुंदराबाईला तू उडवलंस? गाडी तुझी, चालवत तू? अरे मग चार दिवस कुठे होतास, राजा? ती बाई मरताना एवढंच बोलली, शिरवण्याचा वामन घरत. आम्ही गेलो, वामन कोण विचारलं, तर तुझा चुलतभाऊ उठून उभा — मीच. आता आजोबांचं नाव तुम्ही दोन्ही नातवांना ठेवलंय, हे मला काय स्वप्नात दिसणार होतं? घरात तर त्याला पप्याच म्हणता ना?

हात नाही लावला हां त्याला, आईशप्पथ. चहा पाजला. त्या दिवशी हळदीत टाईट होता, मांडवातून घरी कसा गेला तेच आठवेना — मग काय, तेवढं बास झालं मला. म्हटलं, तुला आठवत नाही पण तुझ्या बायकोला आठवतंय, तिनं लिहून दिलंय, गाडी घेऊन तूच आलास. कसलं लिहून, लांबून दाखवलेला कोरा कागद! रडला रे. म्हणाला, जागृती खोटं नाय बोलायची, साहेब. पुढे सोपं गेलं. स्वतःला पप्या म्हणाला की पाणी बंद, वामन म्हणाला की चहा. तिसऱ्या दिवशी मलाच विचारतो, साहेब, मी ब्रेक मारलेला का? आणि गाडी येतच नाही त्याला! मला दुसऱ्याच दिवशी कळलेलं — म्हणजे — ते सोड. काल हवेत गिअर टाकून दाखवला, असा. हसू आलं मला, खोटं कशाला बोलू?

हा बघ, दिसतोय गजातून. मार हाक. पप्या म्हण. — अजून एकदा, जोरात. — बघितलंस? मान तरी वळवली?

आणि तू आता येऊन सांगतोस, मी वामन. मग आतला कोण? वर काय सांगू, माणूस चुकला? उद्या कोर्टातही तो हेच बोलणार, तोंडपाठ आहे त्याला. तू कशाला मधे मरतोस? रडू नको, ए. सुटलास की!

ऊठ. बाहेर बाकावर जागृती बसलीय, सकाळपासून. त्या रात्री नवऱ्याला तिनंच धरून घरी नेलं, एवढंच सांगायला आलीय — मी आत घेतलेलं नाही. तिला घेऊन जा. काय सांगायचं ते तुझं तू बघ. चल, निघ.